बहुरूपी, तोतया आणि एक न लिहिलेला ग्रंथ

आमच्या वाचनालयाला मध्यंतरी एका सभासदाच्या घरून पुस्तकांची तीन खोकी देणगीत आली. बहुतेक नेहमीचंच होतं, दिवाळी अंक, आरोग्यावरची पुस्तकं, अर्धवट संच. त्यात काळ्या मुखपृष्ठाचं एक इंग्रजी पेपरबॅक निघालं. नाव 'नेक्रोनॉमिकॉन'. आत चिन्हं, आवाहनाचे मंत्र, सुमेरी देवतांची नावं, आणि प्रस्तावनेत ही पोथी फार प्राचीन असल्याचा दावा. कार्यकारिणीच्या सभेत त्यावर पाऊण तास गेला. एक निवृत्त शिक्षक म्हणाले, असली अघोरी पुस्तकं पोरांच्या हाती नकोत, रद्दीत घाला. एक तरुण सदस्य हसला: अहो काका, ही एका अमेरिकन कथालेखकाची थाप आहे, कादंबऱ्यांच्या कपाटात टाका आणि विषय संपवा. तिसरे गृहस्थ, जे एरवी सभेत डुलकी काढतात, गंभीर होऊन म्हणाले की आग असल्याशिवाय धूर निघत नाही. ग्रंथपाल बाई एवढंच विचारत होत्या की नोंदवहीत वर्गांक काय लिहू. त्यांच्याकडे कुणाचं लक्ष नव्हतं.

इंटरनेटवर या ग्रंथाबद्दलचा वाद वर्षानुवर्षं याच तीन आवाजांत चालतो. घातक आहे, थाप आहे, काहीतरी असेलच. तिघेही पुस्तकाकडे बघतात, पुस्तक कोण कुठल्या नावाने पुढे करतो आहे याकडे बघत नाहीत. माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. कल्पित ग्रंथ रचणं हा गुन्हा नाही, त्याला खऱ्या ग्रंथाचे कपडे घालणं हाही नाही. पण ते कपडे उतरवायला नकार देऊन कुणी दुकान मांडलं, की तिथून वेगळी गोष्ट सुरू होते. मराठीत या दोन माणसांना दोन वेगळे शब्द आहेत. दारात पोलिसाच्या वेषात येऊन 'चला ठाण्यावर' म्हणून दरडावणारा आणि आपली पुरती गाळण उडाली की हसून बिदागी मागणारा तो बहुरूपी. आणि १७६१ मध्ये पानिपतावर सदाशिवरावभाऊ पडल्यानंतर 'मीच भाऊ' म्हणत उभा राहिलेला, कोकणातले किल्ले ताब्यात घेणारा, १७७६ मध्ये पुण्यात देहान्त शासन झालेला तो तोतया. वेष दोघांचाही उसना. तरीही या दोघांना एकाच मापाने मोजायचं का?

आता मूळ हकीकत. हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट हा अमेरिकेतल्या ऱ्होड आयलंड राज्यातल्या प्रॉव्हिडन्स शहराचा लेखक, १८९० ते १९३७ हा त्याचा काळ. पाचेक वर्षांचा असताना अरबी सुरस कथा वाचून तो इतका भारावला की खेळात स्वतःला 'अब्दुल अल्हझ्रेद' म्हणवून घेऊ लागला. अरबी व्याकरणात हे नाव बसत नाही, 'अल' दोनदा आलं आहे. पण पाच वर्षांच्या पोराला व्याकरण कोण विचारणार? १९२१ मध्ये लिहिलेल्या एका कथेत हा अब्दुल वेडा कवी म्हणून अवतरला, पुढच्या वर्षीच्या कथेत त्याचा ग्रंथही आला. आणि १९२७ मध्ये लव्हक्राफ्टने दोन-तीन पानांचा एक मजेदार मजकूर लिहिला, त्या ग्रंथाचा इतिहास म्हणून. मूळ अरबी ग्रंथ दमास्कसमध्ये इ. स. ७३० च्या सुमारास लिहिला गेला. ९५० मध्ये थिओडोरस फिलेटसने त्याचं ग्रीक भाषांतर केलं. १०५० मध्ये पाट्रिआर्क (पूर्वेकडच्या चर्चचा प्रमुख) मायकेलने प्रती जाळल्या. १२२८ मध्ये ओलाउस वर्मियसने लॅटिन केलं, १२३२ मध्ये नवव्या ग्रेगरी पोपने बंदी घातली, पुढे सोळाव्या शतकातल्या जॉन डी या इंग्रज गणिती आणि गूढविद्येच्या अभ्यासकाने इंग्रजी केलं. प्रती कुठे आहेत तेही दिलं आहे: ब्रिटिश म्युझियम, पॅरिसचं राष्ट्रीय ग्रंथालय, हार्वर्ड, ब्वेनोस आयरेस, आणि आर्खम गावचं मिस्काटॉनिक विद्यापीठ. यादीतलं शेवटचं विद्यापीठ आणि त्याचं गाव दोन्ही कल्पित आहेत, पण चार खऱ्या दारांनंतर पाचव्या दाराची कडी कोण हलवून बघतो?

गंमत अशी की या सगळ्यात ग्रंथच नाही. लव्हक्राफ्टने त्याची वंशावळ लिहिली, छळाची बखर लिहिली, मालकांची नावं लिहिली. ग्रंथातला मजकूर मात्र दोन ओळींचा एक दोहा आणि इकडे-तिकडे विखुरलेले काही परिच्छेद, बस्स. १९२९ मध्ये छापलेल्या एका कथेत खेड्यातला एक विचित्र तरुण विद्यापीठाच्या ग्रंथालयात येतो, कारण त्याच्या घरच्या इंग्रजी प्रतीत पान ७५१ वर हवा तो मजकूर नाही. ग्रंथपाल त्याला प्रत घरी न्यायला नकार देतो. वाचकाच्या मनात ठसतो तो पानाचा आकडा. ७५१. म्हणजे निदान ७५० पानं तरी असणारच! एका अख्ख्या ग्रंथाचं वजन त्या एका आकड्याने उभं केलं.

आणि ही युक्ती त्याने एकट्याने खेळली नाही. क्लार्क अ‍ॅश्टन स्मिथ, रॉबर्ट हॉवर्ड, रॉबर्ट ब्लॉक या मित्रांनी आपापले निषिद्ध ग्रंथ काढले आणि सगळे एकमेकांचे हवाले देऊ लागले. लव्हक्राफ्ट पैशासाठी इतरांच्या कथा दुरुस्त करून द्यायचा, कधी जवळजवळ पूर्ण लिहून द्यायचा. त्या कथांतही तो हीच नावं घुसडायचा. साहजिकच मासिकाच्या वाचकाला दिसायचं ते असं की चार वेगळे लेखक, ज्यांचा एकमेकांशी संबंध दिसत नाही, एकाच ग्रंथाची साक्ष देत आहेत. भरीला एका कथेत नेक्रोनॉमिकॉनच्या शेजारी ढिगात ग्लॅनव्हिलचं १६८१ चं आणि रेमिगियसचं १५९५ चं पुस्तक ठेवलेलं, चेटकांविषयीची ही दोन्ही पुस्तकं अस्सल. याचा परिणाम कुठवर गेला? खुद्द हॉवर्डने, जो स्वतः भयकथा लिहून पोट भरत होता, १९३० मध्ये पत्र लिहून विचारलं की या पुराणकथांमागे खरा आधार काय. लव्हक्राफ्टने उत्तर दिलं की हे सगळं माझ्याच डोक्यातून निघालेलं आहे, आणि आम्ही मित्र एकमेकांची नावं उचलतो ती गंमत म्हणून.

माझ्या दृष्टीने त्या उत्तरावर सगळं ठरतं. ज्याने ज्याने विचारलं त्याला हा माणूस खरं सांगत गेला. कुणी बिचारा ग्रंथालयात जाऊन हे पुस्तक शोधत बसला असं कळलं की आपल्याला अपराधी वाटतं, असंही त्याने पत्रात लिहिलं. मग तूच का लिहीत नाहीस हा ग्रंथ, असं १९३६ मध्ये दोन तरुण चाहत्यांनी सुचवल्यावर त्याने नाही म्हटलं. कारण नुसत्या उल्लेखांनी ज्यांच्या अंगावर काटा आला, त्यांची प्रत्यक्ष ग्रंथ वाचून निराशाच होईल. बहुरूप्याची जात ही अशी असते. सोंग झकास वठवायचं, आणि 'तू कोण?' असं विचारलं की टोपी काढून नाव सांगायचं.

पण विरोधकांच्या पारड्यात वजन नाही असं मी म्हणणार नाही. पहिला मुद्दा तर लेखकाच्याच तोंडचा आहे. भयकथा अंगावर यायची असेल तर ती खऱ्याखुऱ्या बनवाबनवीइतक्या काळजीने रचली पाहिजे, असं लव्हक्राफ्टने स्मिथला लिहिलं होतं. म्हणजे फसवण्याचं कसब त्याने जाणून-बुजून वापरलं. पत्रातून विचारणाऱ्याला खरं कळलं. न विचारणाऱ्याचं काय? बहुरूपी निदान त्याच दारात सोंग उतरवतो. यावर माझं उत्तर असं की कबुली पत्रातच होती असं नाही, ती मासिकाच्या मुखपृष्ठावर होती. 'वीअर्ड टेल्स' या नावाचं, भडक चित्रांचं मासिक घेणाऱ्याला आपण कथा विकत घेतोय हे ठाऊक होतं. तमाशातल्या बतावणीत राजा म्हणून उभा राहिलेल्याकडे कुणी जमिनीची सनद मागायला जात नाही. तंबूचं कापड हीच कबुली. म्हणून मी बघतो ते हेच, की तंबू कुणी आणि केव्हा काढून नेला.

१९७३ मध्ये स्प्रेग डी कॅम्प या अमेरिकन लेखकाच्या प्रस्तावनेसह एक 'मूळ हस्तलिखित' निघालं. ते कुणालाही न येणाऱ्या बनावट लिपीत होतं आणि त्यात तीच ती पानं पुन्हा पुन्हा छापलेली होती. भाषांतर करायला बसलेले विद्वान एकेक करून नाहीसे झाले, असं प्रस्तावनेत सांगितलं होतं. ही विनोदाची उत्तम जात. १९७८ मध्ये इंग्लंडात दुसरी आवृत्ती आली. जॉन डीच्या सांकेतिक हस्तलिखितातून संगणकाच्या मदतीने ग्रंथ उलगडला असा तिचा दावा होता. प्रस्तावना लिहिणाऱ्या कॉलिन विल्सननेच पुढे लेख लिहून तो सगळा बनाव असल्याचं सांगून टाकलं. उशिरा का होईना, टोपी काढली. या दोहोंच्या मधली, १९७७ ची न्यूयॉर्कची आवृत्ती मात्र वेगळ्या वाटेने गेली. संपादकाचं नाव फक्त 'सायमन'. आधी चामडी बांधणीच्या ६६६ प्रती, आणि १९८० पासून स्वस्त पेपरबॅक, जे आमच्या खोक्यात निघालं तेच. खऱ्या मेसोपोटेमियन मंत्रांचे आणि सृष्टिकथेचे तुकडे घेऊन त्यांच्यात लव्हक्राफ्टच्या देवतांशी जुळणारी नावं मिसळली, आणि हे सगळं एका प्राचीन ग्रीक हस्तलिखितातून आलं म्हणून सांगितलं. ते हस्तलिखित कुणा अभ्यासकाच्या हाती पडलेलं नाही. कथेचा तंबू इथे गुंडाळला गेला आणि आतला राजा खरी सनद घेऊन बाजारात बसला. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं आणता येत नाही, असं आपण म्हणतो. पण पुरातनपणाचं सोंग आणलं की पैसा आपोआप येतो, हे या धंद्याने दाखवलं.

इथे शिक्षक काकांचा सर्वांत भक्कम मुद्दा येतो, आणि तो मी त्यांच्यापेक्षा जोरात मांडतो. बहुरूप्याने शिवलेला वेष तोतयाच्या हाती पडू शकतो, हे ठाऊक असताना वेष शिवायचाच कशाला? कल्पित मजकुरातून खरी हत्यारं निघतात. १८६४ मध्ये मोरिस जोली या फ्रेंच वकिलाने तिसऱ्या नेपोलियनच्या हुकूमशाहीवर एक उपरोधिक संवाद लिहिला. नरकात माकियाव्हेली आणि माँतेस्क्यू बोलत बसले आहेत, अशी कल्पना. ज्यूंचा त्यात संबंधही नव्हता. पुढे कुणीतरी त्यातली पानंच्या पानं उचलून, माकियाव्हेलीची वाक्यं काल्पनिक 'ज्यू वडीलधाऱ्यांच्या' तोंडी घालून, जगावर कब्जा करण्याच्या गुप्त बैठकीचं इतिवृत्त बनवलं. त्या बनावट कागदाने काय केलं ते विसाव्या शतकाने पाहिलं. हिटलरच्या राज्यात ते शाळांमध्ये वाचलं जात होतं. याच्यासमोर 'गोष्टच तर आहे' हे वाक्य उच्चारायला जीभ रेटत नाही.

पण ही हकीकत इथे थांबत नाही. जोलीचं पुस्तक ब्रुसेल्सला छापून चोरून फ्रान्समध्ये नेलं होतं, पोलिसांनी प्रती जप्त केल्या, जोलीला पंधरा महिन्यांची कैद झाली. पुस्तक दुर्मीळ झालं, आणि म्हणून चोराला ते बिनधास्त लुटता आलं, कारण मूळ कुणाच्या घरी नव्हतंच. १९२१ च्या ऑगस्टमध्ये लंडनच्या 'टाइम्स'चा इस्तंबूलमधला वार्ताहर फिलिप ग्रेव्ह्ज याच्या हाती जोलीची एक जुनी प्रत आली. त्याने दोन्ही मजकूर शेजारी-शेजारी छापले. चोरी उघडी पडली ती अशी. सोंग जप्त केलं म्हणून तोतया सुखाने जगला, सोंग सापडलं तेव्हा पकडला गेला. उद्या कुणी सांगू लागला की नेक्रोनॉमिकॉनचे मंत्र पाच हजार वर्षांचे आहेत, तर त्याच्यासमोर काय ठेवणार? लव्हक्राफ्टच्या कथा आणि त्याची पत्रंच ना? त्या रद्दीत घातल्या तर हातात उरेल फक्त सायमनचं पेपरबॅक. ग्रेव्ह्जने पुरावा दिल्यावरही द्वेष करणारे थांबले नाहीत, हे खरंच आहे. पुराव्याने सगळे शहाणे होतात असं मी म्हणत नाही. पुरावाच नष्ट केला तर शहाणं होण्याची वाट बंद होते, एवढंच म्हणतो.

दुसरा आक्षेप मला अधिक टोचतो. हा ग्रंथ 'वेड्या अरबाचा' का? प्रॉव्हिडन्सच्या एखाद्या पाद्र्याचा का नाही? लव्हक्राफ्टचा वंशद्वेष त्याच्या पत्रांत ढळढळीत आहे आणि त्याच्या कथांतली भीती पुष्कळदा परक्या रंगाच्या, परक्या भाषेच्या माणसांची भीती आहे. ते झाकायचं कारण नाही. त्याच्या भोवतीच्या भक्तांनी ते झाकण्याचा जो खटाटोप केला तो मला कधीच आवडला नाही. शिवाय नुकसान आणखी एक आहे. अरबीत गूढविद्येचे खरे ग्रंथ आहेत. 'घायत अल-हकीम' घ्या. तेराव्या शतकात कास्टीलच्या दहाव्या आल्फोन्सोच्या दरबारात त्याचं भाषांतर झालं आणि युरोपात तो 'पिकाट्रिक्स' म्हणून फिरला. ताईत कुठल्या ग्रहाच्या होरेत करावा, कुठला धूप जाळावा, अशा तपशिलांनी तो भरलेला आहे. कंटाळवाणा म्हणावा इतका. तो आज किती जणांना ठाऊक आहे, आणि नसलेला ग्रंथ किती जणांना? खोट्या नाण्याने खरं नाणं बाजारातून हाकललं, हा आरोप मी मान्य करतो. त्यावर उपाय म्हणून खोटं नाणं वितळवू नका, खरं नाणं बाहेर काढा, असं म्हणेन. पण हे उत्तर पुरतं समाधान करणारं नाही, याची मला कल्पना आहे.

आता आमच्या तरुण मित्राकडे वळतो. 'थाप आहे, विषय संपला' असं म्हणून त्याला वाटलं की तो विवेकाच्या बाजूने बोलला. थाप आहे हे कळल्यावर विषय सुरू होतो. लोक थापेवर कसे बसतात, हे बघण्याची इतकी स्वच्छ संधी क्वचित मिळते, कारण इथे थाप रचणाऱ्याने आपली सगळी अवजारं टेबलावर मांडून ठेवली आहेत. दूरच्या काळातला ऋषी किंवा वेडा कवी. नष्ट झालेली मूळ प्रत. मधली भाषांतरं. छळाचा इतिहास, म्हणजे 'त्यांनी दडपलं म्हणून तुम्हाला ठाऊक नाही' हा हुकमी एक्का. हे सगळं ओळखीचं वाटत नाही का? १९१८ ते १९२३ या काळात पंडित सुब्बराय शास्त्री यांनी सांगितलेलं आणि भरद्वाज ऋषींच्या नावावर चढलेलं 'वैमानिक शास्त्र' आठवा. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच अभ्यासकांनी १९७४ मध्ये ते तपासलं. भाषा प्राचीन नाही, ग्रंथ विसाव्या शतकातला आहे, आणि त्यातली विमानं उडू शकत नाहीत, असं दाखवून दिलं. तरी जानेवारी २०१५ मध्ये मुंबईत भरलेल्या भारतीय विज्ञान काँग्रेसच्या व्यासपीठावरून त्याच ग्रंथाच्या आधारे निबंध वाचला गेला. तिथे बसलेले लोक काही अडाणी नव्हते.

अडाणीच फसतात ही समजूत फार सोयीची असते. व्होल्तेरपेक्षा संशयी माणूस अठराव्या शतकात सापडणार नाही. त्याला १७६० मध्ये 'एझूर वेदम' नावाचं एक हस्तलिखित मिळालं. बायबलपेक्षा जुना, मूर्तिपूजेविरुद्ध बोलणारा शुद्ध भारतीय धर्म त्यात आहे, असं समजून तो हरखला, जागोजागी त्याचा हवाला दिला, पुढच्या वर्षी प्रत राजाच्या ग्रंथालयाला भेट दिली. तो मजकूर भारतात आलेल्या जेझुइट मिशनऱ्यांच्या गोटातून निघालेला होता. हा खरा वेद नव्हे, हे सोनेरा या प्रवाशाने १७८२ मध्ये लिहिलं, व्होल्तेर गेल्यानंतर चार वर्षांनी. चर्चला झोडपायला व्होल्तेरला एक काठी हवी होती. ती चर्चच्याच लोकांनी त्याच्या हाती दिली. फसवणूक आपल्या इच्छेच्या आकाराची असली की संशय झोपी जातो. तेव्हा तरुण मित्राने लव्हक्राफ्टला हसावं, पण स्वतःला कुठली काठी हवी आहे तेही एकदा तपासावं. मीही तपासतो. मला लबाड प्रस्तावना पकडायला आवडतं आणि त्या नादात एखादी खरी प्रस्तावना मी लबाड ठरवली नसेल, याची खात्री देत नाही.

राहिले डुलकीवाले गृहस्थ. आग असल्याशिवाय धूर नाही. त्यांची चेष्टा करणं सोपं आहे, पण गुप्त ग्रंथ खरोखर असतात हे मराठी माणसाने तरी नाकारू नये. महानुभाव पंथाने आपलं वाङ्मय शतकानुशतकं सकळ आणि इतर सांकेतिक लिप्यांत दडवून ठेवलं. बाहेरच्यांनी त्या पोथ्यांबद्दल नाही नाही ते तर्क केले. वि. का. राजवाड्यांनी लिपीचं कुलूप उघडलं तेव्हा आत काय निघालं? स्वामी कुठल्या गावी थांबले, काय जेवले, कुणाला काय दृष्टान्त सांगितला. तेराव्या शतकातलं जिवंत, बोलकं मराठी. 'लीळाचरित्र' हाती आलं ते तसं. खऱ्या गुप्त पोथीत जागोजागी माणसांचा वास असतो, चूल असते, क्षुल्लक तपशील असतो. सायमनच्या पुस्तकात देवतांना बोलावणं आहे, पण ते लिहून काढणारा कुणी जेवल्याची खूण नाही. गृहस्थ यावर म्हणतील, नसेल प्राचीन, पण मंत्र म्हणणाऱ्याला अनुभव येतात त्याचं काय? येत असतील. अंधारात मेणबत्ती लावून अनोळखी शब्द तालात म्हटले तर कुणालाही काहीतरी होईल. मग सुमेरच्या पाच हजार वर्षांची गरज कशाला? १९७७ साल लिहा ना पुस्तकावर. हर्मीस ट्रिसमेजिस्टस या दंतकथेतल्या प्राचीन ऋषीच्या नावावरचे ग्रंथ मोझेसच्या काळातले म्हणून फ्लॉरेन्समध्ये पुजले जात होते. तिथला सत्ताधीश कोसिमो द मेदिची याने फिचिनो या विद्वानाला प्लेटो बाजूला ठेवून आधी ते भाषांतरायला लावले. १६१४ मध्ये कासोबाँ या भाषापंडिताने त्यांचं ग्रीक तपासून दाखवलं की ते ख्रिस्तानंतरचे आहेत. ग्रंथातलं एक अक्षर बदललं नाही, तरी त्यांचा अधिकार ओसरला. म्हणजे लोक अनुभवापुढे झुकत नव्हते, तारखेपुढे झुकत होते. अनुभवाची बात करणाऱ्याने तारीख खोटी सांगू नये, इतकी साधी अपेक्षा आहे.

जाता जाता एक तपशील, जो मला या सगळ्यात सर्वांत प्रिय आहे. ज्याने १२२८ मध्ये लॅटिन भाषांतर केलं असं लव्हक्राफ्टने लिहिलं, तो ओलाउस वर्मियस खरा माणूस होता. डॅनिश वैद्य ओले वर्म, १५८८ ते १६५४. साडेतीन-चारशे वर्षांची चूक झाली कशी? लव्हक्राफ्टने त्याचं नाव ह्यू ब्लेअरच्या एका प्रबंधात वाचलं होतं आणि काळ चुकीचा समजून घेतला. तो प्रबंध कशावर? ऑसियनच्या काव्यांवर. म्हणजे जेम्स मॅकफर्सनने १७६० च्या दशकात प्राचीन स्कॉटिश चारणाची म्हणून छापलेली, आणि डॉ. जॉन्सनने बनावट म्हणून हिणवलेली कवनं. ब्लेअर ती अस्सल मानून त्यांची भलामण करत होता. एका तोतयाच्या वकीलपत्रातून आमच्या बहुरूप्याने आपला साक्षीदार उचलला, तोही नकळत. आणि तो साक्षीदार कोण? युनिकॉर्नचं शिंग म्हणून राजेरजवाड्यांना विकलं जातं तो नारव्हाल या देवमाशाचा दात आहे, असं दाखवून देणारा वैद्य.

सभेत मी यातलं निम्मंही बोलू शकलो नाही. अध्यक्षांनी घड्याळ दाखवलं. शेवटी ग्रंथपाल बाईंनी ड्युईच्या वर्गीकरणाचं जाड पुस्तक टेबलावर ठेवलं. म्हणाल्या, गूढविद्येला १३३ आहे, तिथे ठेवलं तर आपण त्याला खरं म्हटल्यासारखं होईल. अमेरिकन कथा-कादंबरीला ८१३, पण पुस्तक स्वतःला कादंबरी म्हणत नाही. आणि मग त्यांनी पान उलटून दाखवलं: ०९८, निषिद्ध ग्रंथ, बनावट ग्रंथ आणि थापा. असा क्रमांक आहे हे आमच्यापैकी कुणालाच ठाऊक नव्हतं. ठराव एकमताने झाला. लव्हक्राफ्टचा कथासंग्रह विकत घेऊन ८१३ मध्ये लावायचा, काळं पेपरबॅक ०९८ मध्ये, आणि दोन्हींच्या नोंदीत एकमेकांचा हवाला द्यायचा. शिक्षक काकांनीही हात वर केला.

बाई नोंद करता करता थांबल्या. ०९८ मध्ये आपल्याकडे हे पहिलंच पुस्तक, म्हणाल्या, एकटं दिसेल. विज्ञानाच्या कपाटात वैमानिक शास्त्राची एक प्रत आहे, ती शेजारी आणू का?

कुणी काही बोललं नाही. तो विषय पुढच्या सभेत घ्यायचं ठरलं.